‘कॅमेरा बंद कर’ असं कोणी म्हणायचं?

वाचकांचे प्रश्न, संकलक ताईंची उत्तरं

गेल्या अंकात मी ‘साबर बोंडं’बद्दल लिहिलं होतं. वडील गेल्यावर दहा दिवसांसाठी मुंबईहून गावी आलेला आनंद, नातेवाइकांनी लावलेला लग्नाचा लकडा आणि लहानपणचा मित्र बाळ्या. रोहन परशुराम कानवडे यांनी स्वतःच्या वडिलांच्या मृत्यूनंतर गावी काढलेल्या दिवसांतून ही गोष्ट उचलली. 2025 साली अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक कथापटांच्या विभागातलं ग्रँड ज्युरी पारितोषिक तिने मिळवलं. लेखाच्या शेवटी मी आणखी काही प्रयोगशील चित्रपटांची नावं दिली होती. त्यांतल्या बहुतेकांचे दिग्दर्शक क्विअर, म्हणजे समलिंगी, ट्रान्स वगैरे आहेत आणि बरेचसे स्वतःच कॅमेऱ्यासमोर उभे राहिले आहेत. वाचकांनी ते शोधून पाहिले, काहींनी मध्येच बंद केले, आणि मग पत्रं आली. त्यातली निवडक घेते. ज्यांनी नुसत्याच शिव्या घातल्या आहेत त्यांनी ही पोच समजावी.

प्रश्न : तुम्ही सुचवलेला ‘टार्नेशन’ पाहिला, पण पाहवला नाही. अकरा वर्षांचा मुलगा डोक्याला फडकं बांधून बाई होतो आणि नवरा मारतो म्हणून कॅमेऱ्यासमोर रडतो. पुढे त्याच्या आईच्या आजाराचे हाल. हे आत्मचरित्र की नाटक? नाटक असेल तर खरं म्हणून का खपवायचं? मी जन्मभर शाळेत मराठी शिकवलं. आत्मचरित्राला प्रांजळपणा लागतो एवढं मला कळतं.
— निवृत्त शिक्षक, मिरज

उत्तर : सर, तुम्ही मराठी शिकवलंत, तर ‘बलुतं’ वर्गात नसलं तरी घरी वाचलं असेलच. 1978चं पुस्तक. दया पवारांनी त्यात सरळ ‘मी’ म्हणून सुरुवात केली नाही. दगडू मारुती पवार नावाचा माणूस त्यांनी समोर बसवला आणि त्याच्या तोंडून सगळं वदवलं. दगडू आणि दया पवार एकच, हे वाचणाऱ्याला पहिल्या पानांपासून ठाऊक असतं. तरी पुस्तकात प्रांजळपणा नाही असं कोणी म्हटलं नाही. काही गोष्टी स्वतःपासून हातभर लांब उभं राहिल्याशिवाय सांगताच येत नाहीत.

‘टार्नेशन’मधला तो मुलगा म्हणजे दिग्दर्शक जोनाथन कौएट स्वतः. त्यांनी हेच केलं. चित्रपटभर पडद्यावर जी अक्षरं उमटतात त्यांत ते स्वतःला ‘जोनाथन’ म्हणतात, ‘मी’ नाही. त्यामागे कारण आहे. आपण आपल्या बाहेर उभे राहून आपल्यालाच बघतोय असं सतत वाटण्याचा विकार त्यांना किशोरवयात जडला, आणि तेही चित्रपट सांगतो. टेक्सासमधलं ह्यूस्टन शहर, आजी-आजोबांचं घर. आई रेने लहानपणी छपरावरून पडून जायबंदी झाली, मग तिला विजेचे झटके द्यायला लागले, आणि पुढची वर्षं इस्पितळाच्या खेपांत गेली. मधल्या काळात पोराला परक्यांच्या घरी ठेवलं गेलं, तिथे त्याने मार खाल्ला. आता तो अकरा वर्षांचा मुलगा पुन्हा पाहा. त्याने उभी केलेली बाई कोर्टात साक्ष दिल्यासारखी बोलते. तिला नाव आहे, बोलण्याची ढब आहे. मार तिने खाल्लेला नाही, त्या मुलाने खाल्लाय. आईची दशा त्याने पाहिलीय. ‘मला मारलं’ हे वाक्य त्या वयात त्याला उच्चारता येत नव्हतं, म्हणून त्याने ते एका बाईच्या तोंडी घातलं. मी संकलनाच्या टेबलावर जन्म काढला आहे. खोटं रडणं फिल्मवर लगेच कळतं. हे रडणं खोटं नाही, उसनं आहे.

पैशाचं तुम्ही विचारलं नाहीत, तरी सांगते, कारण या प्रकारच्या चित्रपटाचा जन्मच त्यात आहे. वर्षानुवर्षं साठवलेल्या घरगुती टेप्स कौएट यांनी घरच्या संगणकावर, सोबत फुकट मिळणाऱ्या आयमूव्ही या संकलनाच्या सॉफ्टवेअरवर जोडल्या. खर्च सांगितला गेला तो 218 डॉलर आणि काही सेंट. (गाण्यांचे हक्क घ्यायची वेळ आली तेव्हा हा आकडा कुठल्या कुठे गेला, पण जाहिरातीत 218च राहिला.) 2004च्या जानेवारीत तो सनडान्सला दाखवला गेला आणि गस व्हॅन सँट, जॉन कॅमेरॉन मिचेल यांच्यासारखे दिग्दर्शक निर्माते म्हणून मागे उभे राहिले.

तुमच्या आक्षेपातली एक गोष्ट मात्र मला मान्य आहे. औषधाच्या अतिमात्रेतून वाचलेली रेने एक भोपळा हातात घेऊन गाते, नाचते, हसते. शॉट लांबतच जातो. पोटात कालवतं. मुलाने स्वतःला दाखवलं तो त्याचा हक्क. पण त्या क्षणी ‘बंद कर’ म्हणण्याच्या स्थितीत आई नव्हती. समर्थक म्हणतात, तो शॉट लांब आहे म्हणूनच खरा आहे. मी असते तर दहा सेकंदांत कापला असता, आणि त्यासाठी भांडले असते. तेव्हा ‘हे खरं की नाटक’ हा प्रश्न मी फार विचारत नाही. फ्रेममध्ये जो आहे त्याला थांबवता येत होतं का, हे मी आधी बघते.

प्रश्न : मी 21 वर्षांचा आहे. गाव छापू नका. मी गे आहे हे फक्त एका मैत्रिणीला माहीत आहे. मला स्वतःवर काहीतरी बनवायचंय. पण फोन साधा आहे, चेहरा दाखवू शकत नाही, घरात स्वतःची खोली नाही आणि अभिनय येत नाही. अशा माणसाने सुरुवात तरी कशी करायची?

उत्तर : तू ज्या चार अडचणी लिहिल्यास त्यांतल्या तीन घेऊनच सेडी बेनिंग यांनी सुरुवात केली होती. अमेरिकेतलं मिलवॉकी शहर, वय पंधरा-सोळा. शाळेत वेगळेपणावरून छळ इतका की शाळाच सुटली. वडील जेम्स बेनिंग स्वतः प्रयोगशील चित्रपटकार. त्यांनी नाताळला भेट दिली ती फिशर-प्राइस कंपनीची खेळण्यातली पीएक्सएल-2000. हा कॅमेरा 1987मध्ये बाजारात आला आणि फार टिकला नाही. गाण्यांच्या साध्या कॅसेटवर चित्र उमटायचं, तेही काळंपांढरं, चौकोनी दाण्यांचं, भोवती काळी चौकट. कॅसेट भरधाव पळायची, त्यामुळे थोड्या मिनिटांत संपायची. भेट बघून बेनिंग यांचा हिरमोड झाला होता म्हणतात.

पण त्या प्लास्टिकच्या भिंगाला एक गुण होता. वस्तू अगदी नाकाशी आणली तरी ती दिसायची. म्हणून त्या फिल्म्समध्ये माणूस अख्खा दिसतच नाही. एक डोळा दिसतो. ओठ दिसतात. कागदावर हाताने लिहिलेली ओळ सरकत जाते, बाहुल्या आणि खेळण्यातल्या गाड्या दिसतात. आवाज मात्र कानाशी. 1992च्या ‘इट वॉझन्ट लव्ह’मध्ये एका बिनधास्त मुलीबरोबर हॉलिवूडला पळून जायची गोष्ट आहे. ती सांगताना बेनिंग कधी सिगार ओढणारा गुंड होतात, कधी टोप घातलेली मदनिका, कधी मिशीवाला. आणि ती थोर सफर पोचते कुठे, तर तळलेल्या कोंबडीच्या दुकानाच्या पार्किंगपर्यंत! 1993मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिटनी संग्रहालयाच्या द्वैवार्षिक प्रदर्शनात बेनिंग यांचं काम लागलं, तेव्हा वय विशीला टेकलेलं. अभिनय येत नाही म्हणतोस ना? घरच्यांसमोर इतकी वर्षं तू जो मुलगा वठवतोयस तो काय आहे?

चेहऱ्याचं म्हणशील तर डेरेक जार्मन यांचा ‘ब्लू’ (1993) बघ. सव्वा तासाहून जास्त वेळ पडद्यावर फक्त निळा रंग. एड्समुळे जार्मन यांची दृष्टी जात होती. त्यांची रोजनिशी, इस्पितळातले तास, गेलेले मित्र, हे सगळं नुसतं ऐकू येतं. त्यातही ‘मी’ एकाच आवाजात नाही. जार्मन स्वतः, निगेल टेरी, जॉन क्वेंटिन आणि टिल्डा स्विंटन अशा चार जणांनी तो वाटून घेतलाय. पुढच्या फेब्रुवारीत जार्मन गेले.

तुला हे मुद्दाम सांगते, कारण माणसं चेहऱ्याआधी आवाज ओळखतात. गावात तर नक्कीच. तुझं लिखाण त्या मैत्रिणीकडून वाचून घे. सू फ्रीडरिक यांनी 1990च्या ‘सिंक ऑर स्विम’मध्ये आपल्या बापाचं नि आपलं नातं सव्वीस तुकड्यांत सांगितलं, इंग्रजी मुळाक्षरांच्या उलट्या क्रमाने, आणि वाचायला एक लहान मुलगी घेतली. सगळं निवेदन ‘एक मुलगी होती’ अशा थाटाचं. तिथे बाप-लेकीची इतकी उघडी जखम आहे, पण त्या मुलीच्या आवाजात ‘मी’ जवळपास येतच नाही.

फोनचा साधेपणा विसर, त्याची बडबड बंद कर. फोटोंचा आपोआप होणारा बॅकअप घरच्या कोणाच्या खात्याशी जोडलेला नाही ना, हे शूटिंगआधी पाहा. ठिकाणाची नोंद बंद ठेव. फरशीची नक्षी, पडदा, भिंतीवरचं कॅलेंडर, यांवरून घर ओळखलं जातं, म्हणून चौकट घट्ट धर. आवाज रात्री गोधडीत डोकं घालून रेकॉर्ड कर, स्टुडिओचं भाडं वाचेल. गच्चीची खोली नसेल तर एसटीची खिडकी आहे, न्हाणीघर आहे. ‘मी गे आहे’ हे वाक्य त्यात असलंच पाहिजे असं तुला कोणी सांगितलं असेल तर ते विसर. आणि झालं की इंटरनेटवर टाकू नकोस. मैत्रिणीला दाखव. पुढचं वर्षभराने ठरव. एकदा बाहेर गेलेलं परत बोलावता येत नाही, आणि राहायचं तुला त्याच घरात आहे.

प्रश्न : हे सगळं पाश्चात्त्य खूळ आहे. आपल्याकडे बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका केल्या, गणपत पाटलांनी नाच्या रंगवला, लोकांनी डोक्यावर घेतलं. कोणी ‘माझी ओळख, माझी ओळख’ करत बसलं नाही. तुमच्या या दिग्दर्शकांना तेवढी कला नाही म्हणून ओळख पुढे करावी लागते.
— एक वकील, नागपूर

उत्तर : डोक्यावर घेतलं खरं. पण कोणत्या अटीवर, वकीलसाहेब? रुक्मिणी, सिंधू, भामिनी, कितीही लोभस वाटल्या तरी पडदा पडला की नारायणराव राजहंस पुरुष म्हणून, प्रपंची गृहस्थ म्हणून परत यायचे. ती अट पाळली जात होती तोवर टाळ्या होत्या. गणपत पाटलांच्या बाबतीत प्रेक्षकांनी ती अट स्वतःच मोडली. पडद्यावरचा नाच्या त्यांच्या खऱ्या संसारालाही चिकटला आणि ते त्यांना किती लागलं हे त्यांनी बोलून दाखवलेलं आहे. म्हणजे भूमिका आणि माणूस यांची सरमिसळ आपल्या प्रेक्षकालाही काही कमी आवडत नाही. आवडते फक्त चेष्टेसाठी.

मी ज्या चित्रपटांबद्दल लिहिलं ते ही अट उघडपणे मोडतात. पॉल प्रेसियाडो यांच्या 2023च्या चित्रपटात व्हर्जिनिया वुल्फच्या कादंबरीतल्या, पुरुषाची बाई होणाऱ्या ऑर्लांडोची भूमिका एक जण करत नाही. सव्वीस ट्रान्स आणि नॉन-बायनरी (स्वतःला ना बाई, ना पुरुष मानणारी) माणसं करतात, त्यांत आठ वर्षांचं मूल आहे आणि सत्तरीचे ज्येष्ठही. प्रत्येक जण आधी स्वतःचं नाव सांगतो, मग म्हणतो की या चित्रपटात मी ऑर्लांडो होणार. गळ्याला जुन्या काळची चुणीदार कॉलर चढते, आणि तो स्वतःच्या हार्मोनच्या गोळ्यांबद्दल, कागदपत्रांबद्दल बोलू लागतो. कॉलर काढल्यावर परत जायला दुसरा कोणी ‘खरा’ माणूस मागे ठेवलेला नाही. तिथे भूमिका हाच कबुलीजबाब. याला कला लागत नाही असं आपण म्हणाल, तर मी वाद घालणार नाही, चित्रपट पाठवून देईन.

मार्लन रिग्ज यांचा ‘टंग्ज अनटाइड’ (1989) घ्या. काळा, गे, अमेरिकन. ते कॅमेऱ्याकडे सरळ बघून जॉर्जियातलं शालेय वय सांगतात, आणि मध्येमध्ये पडदाभर नुसते ओठ येतात, शिव्या हासडणारे. मागे हृदयाचे ठोके. मग एसेक्स हेम्पहिल यांच्या कविता, बोटांनी वाजवलेल्या चुटक्यांची जुगलबंदी, नाच, शोकयात्रा. एकाचं आत्मकथन हळूहळू जमातीचं होतं, आणि हे दलित आत्मकथनं वाचलेल्या मराठी माणसाला नवं वाटू नये. 1991मध्ये तो सार्वजनिक दूरचित्रवाणीवर दाखवायचा ठरला तेव्हा कित्येक केंद्रांनी नकार दिला. पुढच्या वर्षी अध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठी झगडणाऱ्या पॅट ब्यूकॅनन यांनी त्यातले तुकडे प्रचाराच्या जाहिरातीत वापरले. सरकारी अनुदान अशा गोष्टींवर जातं, एवढंच दाखवायला. रिग्ज यांची परवानगी कोण विचारतो!

राहिलं पाश्चात्त्य खूळ. विजय तेंडुलकरांचं ‘मित्राची गोष्ट’ हे समलिंगी मुलीवरचं नाटक 1981मध्ये रंगमंचावर आलं. ‘बॉमगे’ हा लघुपट 1996चा. त्याच्या कविता आर. राज राव यांच्या, जे पुणे विद्यापीठात इंग्रजी शिकवायचे, आणि दिग्दर्शक रियाद वाडिया, म्हणजे ‘हंटरवाली’ नाडियाचे चाबूकपट काढणाऱ्या वाडिया मूव्हीटोनच्या घरातले. बिंदुमाधव खिरे यांची ‘पार्टनर’ ही समलिंगी तरुणाची कादंबरी मराठीतच लिहिलेली आहे. बाहेरून काय आलं हे तारखेनिशी सांगायचं तर 1860च्या दंड संहितेतलं, समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम 377. ते इंग्रजांनी आणलं. सर्वोच्च न्यायालयाने 6 सप्टेंबर 2018 रोजी प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरतं ते रद्दबातल केलं, हे आपल्याला मी काय सांगावं.

प्रश्न : ‘द वॉटरमेलन वुमन’मधली ती जुन्या काळची कृष्णवर्णीय अभिनेत्री मी इंटरनेटवर दिवसभर शोधली. सापडली नाही. फसवणूक आहे का ही?
— डोंबिवली

उत्तर : आहे, आणि दिग्दर्शिका शेवटच्या पाटीवर ती कबूलही करते. तुम्ही नामावळीआधी उठलात. शेरिल डन्ये 1996च्या या चित्रपटात ‘शेरिल’ म्हणूनच वावरतात, फिलाडेल्फियात कॅसेटच्या दुकानात काम करतात, आणि फे रिचर्ड्स नावाच्या विस्मृतीत गेलेल्या नटीचा माग काढतात. तिची जुनी छायाचित्रं झोई लिओनार्ड यांनी नव्याने घडवून घेतली, त्यांतली काळीपांढरी 78 आहेत, आणि ती सगळी पुढे स्वतंत्र कलाकृती म्हणून प्रदर्शनांत मांडली गेली. डन्ये यांना आपली पूर्वज हवी होती. दप्तरात ती नव्हती, कारण दप्तर ठेवणाऱ्यांनी असल्या बायकांची नोंदच ठेवली नाही. मग त्यांनी ती बनवली. तुमचा दिवस वाया गेला असं मला वाटत नाही, शेरिलसुद्धा चित्रपटभर तेच करते.

प्रश्न : ताई, माझा मुलगा जर्मनीत चित्रपट शिकतो. गेल्या वर्षी त्याने फोनवर सांगितलं की तो गे आहे. मी दोन दिवस जेवले नाही, मग हळूहळू सावरले. ह्यांना अजून सांगितलेलं नाही. आता दिवाळीत तो येणार आहे आणि याच विषयावर माझ्याशी कॅमेऱ्यासमोर बोलायचंय म्हणतो. ‘आई, तू फक्त नैसर्गिक वाग.’ कशी वागू? नाही म्हटलं तर त्याला वाटेल मी त्यालाच नाकारतेय.
— ठाणे

उत्तर : तुमच्या आधी एक आई या जागी बसून गेली आहे. निशित सरन हार्वर्डला शिकत होते. 1999ला पदवीदानासाठी आई अमेरिकेत आली, आणि त्या प्रवासात निशित यांनी कॅमेरा चालू ठेवून तिला सांगितलं की मी गे आहे. त्याच दिवसांत त्यांना एचआयव्हीच्या तपासणीच्या निकालाची धास्ती होती. ‘समर इन माय व्हेन्स’ हा तो चित्रपट. आपल्याकडच्या पहिल्यावहिल्या अशा आत्मकथनपटांपैकी एक. 2002मध्ये निशित दिल्लीत रस्ता अपघातात गेले. आई मिन्ना सरन पुढे इतर पालकांना घेऊन सर्वोच्च न्यायालयात 377च्या खटल्यात उभ्या राहिल्या, आमची मुलं गुन्हेगार नाहीत हे सांगायला.

ही हकिगत वाचून तुम्हाला वाटेल की मीही धीराने कॅमेऱ्यासमोर बसलंच पाहिजे. तसं नाही. त्या चित्रपटाची सगळी ताकद आईला पुढे काय येणार हे ठाऊक नसण्यात आहे, आणि माझी अस्वस्थताही नेमकी तिथेच आहे. तुमचं तसं नाही. तुम्हाला कळून वर्ष झालं. तो दिवाळीत जे चित्रित करील ते ‘सांगणं’ नसेलच, झालेल्या गोष्टीचा दोघांनी मिळून केलेला प्रयोग असेल. त्याला ‘नैसर्गिक’ हवं असेल तर ते त्या फोनबरोबर संपलं, हे त्याला स्पष्ट सांगा. शिकतोय, त्याला कळेल. आणि एकदा प्रयोग म्हटला की तुम्हीही त्यातल्या एक कलाकार. काय बोलायचं, कोणती साडी नेसायची, कुठे बसायचं, हे तुम्ही ठरवा. मी तर म्हणेन स्वयंपाकघरात बसा. फराळाचं काहीतरी हाताशी असू द्या. हात गुंतले की माणूस बरं बोलतो, आणि गप्प राहिलं तरी चालतं.

त्याला कॅमेऱ्यामागे बसू देऊ नका. स्टँडवर लावून दोघांनी एकाच चौकटीत बसा. तुमच्या डोळ्यांत पाणी आलं तर त्याचाही चेहरा दिसू दे. तुम्हीही त्याला विचारा, ते दोन दिवस मी जेवले नाही तेव्हा तू तिकडे काय करत होतास. ‘बंद कर’ म्हटलं की त्याच क्षणी बंद व्हायला हवं, ‘एक मिनिट आई’ चालणार नाही. पहिली जुळणी झाली की बाहेर कोणी बघण्याआधी तुम्ही बघायची, नको असलेलं काढायला सांगायचं, आणि हे सगळं त्याने कागदावर लिहून द्यायचं. मुलाकडून लेखी घेताना कसंसंच होतं, मला माहीत आहे. परीक्षकांना, महोत्सवांना तो ढीगभर कागद देतो, आईला एक द्यायला हरकत नसावी.

ह्यांचं मात्र आधी. वडिलांना ही गोष्ट एखाद्या महोत्सवाच्या माहितीपत्रकातून किंवा भाच्याच्या फोनवरून कळता कामा नये. ते सांगायचं काम मुलाचं आहे, कॅमेऱ्याविना. दिवाळीपर्यंत ते झालं नाही तर चित्रीकरण पुढच्या दिवाळीला. तुम्ही नाही म्हणता आहात ते एका शॉटला, मुलाला नाही, आणि हा फरक त्याला समजत नसेल तर तो अजून माहितीपट करायच्या लायकीचा झालेला नाही. हे माझ्या नावाने सांगितलंत तरी चालेल.

प्रश्न : माझा एक मित्र होता. नव्वदीच्या शेवटी तो आईची साडी नेसून, शेवंती माळून, हाय-एट कॅमेऱ्यासमोर तासन् तास बोलायचा. कधी आई व्हायचा, कधी शेजारीण, कधी म्हातारपणीचा स्वतः. शूटिंग मी करायचो. तो जाऊन बरीच वर्षं झाली. कॅसेट माझ्या कपाटात आहेत, त्याच्या घरच्यांना काही ठाऊक नाही. या जगासमोर आणाव्यात का?
— म्हापसा

उत्तर : आधी कपाट उघडा. गोव्याच्या पावसाळ्यात इतकी वर्षं काढलेल्या कॅसेटला बुरशी धरलेली असणार. झाकण हळूच उचलून पट्टीच्या कडेला पांढरी भुकटी दिसते का पाहा. दिसली तर कुठल्याही यंत्रात घालू नका, पुढेमागे फिरवूही नका. पट्टी फाटेल, यंत्रही खराब होईल. बुरशी काढून देणाऱ्या माणसाकडेच द्या. भुकटी नसेल तरी आधी प्रत्येक कॅसेटची रेकॉर्डिंगची छोटी खिट्टी सरकवून कुलूप लावा, म्हणजे चुकून वर काही उमटणार नाही. उभ्या ठेवा, डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाका, आणि उतरवून घेतल्यावर दोन प्रती दोन वेगळ्या घरांत ठेवा. हे या महिन्यात करा. बाकीच्या विचाराला हवा तेवढा वेळ घ्या.

रिग्ज यांचा शेवटचा चित्रपट ते गेल्यावर सहकाऱ्यांनी पुरा केला. टॉम जोस्लिन यांनी एड्सच्या आजारात स्वतःचं आणि जोडीदार मार्क मासी यांचं जे चित्रण केलं त्याचा ‘सिल्व्हरलेक लाइफ’ त्यांच्या शिष्याने, पीटर फ्रीडमन यांनी जुळवला. 1993मध्ये त्याला सनडान्सचं ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळालं. पण रिग्ज इस्पितळाच्या खाटेवरूनही त्या चित्रपटासाठीच बोलत होते. जोस्लिनही चित्रपटच करत होते. तुमचा मित्र कोणासाठी बोलत होता? पत्रावरून मला तरी वाटतं, तुमच्यासाठी. तो कधी म्हणाला होता का, ‘हे लोकांना दाखवू’? म्हणाला असेल तर मला पुन्हा लिहा, मी स्वतः जुळवणीला बसेन. म्हणाला नसेल तर इंटरनेटवर नको. त्याला ओळखणारे जे चार जण हयात असतील त्यांना घरी बोलवा, एकदा दाखवा, आणि त्यांना काय आठवतं ते लिहून घ्या. घरच्यांना सांगायचं की नाही हे त्या बैठकीनंतर ठरवा. त्याची आई हयात असेल तर तिची नक्कल तिला दाखवण्याआधी दहादा विचार करा.

आणि कॅसेटच्या चिठ्ठीवर साल, जागा, तो कोण झाला आहे, हे आठवेल तेवढं लिहा. शूटिंग कोणी केलं तेही लिहा. असल्या कॅसेटवर ते नाव कोणी घालत नाही, आणि मग पुढच्या माणसाला तो कोणाकडे बघून हसतोय ते कळत नाही.